रागाचा खांब

किनुकोने हातांना तिसऱ्यांदा साबण लावला, नखांच्या कडा ब्रशने घासल्या आणि तळवे उताणे करून समोरच्या माणसाला दाखवले. साकेघराच्या, म्हणजे तांदळाची दारू बनवायच्या कारखान्याच्या, दारात दगडी हौदापाशी प्रवाशांची रांग लागली होती आणि हात पाहिल्याशिवाय कुणाला आत सोडत नव्हते. हात पाहणारे हायासाका हे मालकांचे धाकटे भाऊ. गोल चेहरा, अंगात निळा अंगरखा, आणि स्वतःच्या विनोदाला स्वतःच आधी हसायची सवय.

"सकाळी नात्तो कुणी खाल्लंय? खरं सांगा हं. त्या चिकट सोयाबीनचे जंतू आमच्या भातात शिरले, तर अख्ख्या हिवाळ्याचं मुसळ केरात."

सेंदाईहून आलेल्या मिउरा नावाच्या टायरवाल्याने शाळेतल्या पोरासारखा हात वर केला.

"एकच वाटी, साहेब. बायकोने बळंच वाढली."

"मग दहा वेळा हात धुवा आणि बायकोला काय शिव्या घालायच्या त्या इथेच घालून घ्या. आत शिवी चालत नाही."

रांग हसली. किनुकोच्या मागे उभी असलेली तिची सासू तोमे मात्र खाली वाकून रबरी बूट चढवत होती. तोमे बासष्ट वर्षांची. तिचा नवरा जिनपाची ह्याच साकेघरात चौतीस हिवाळे राबला. भातकापणी उरकली की नोव्हेंबरात बोचकं पाठीला बांधून तो डोंगरापलीकडच्या त्यांच्या गावातून निघायचा आणि एप्रिलात परतायचा. बाईने उंबरा ओलांडला की आंबवण नासतं, असं त्या काळी मानत. एकदा तो विसरलेले लोकरी मोजे घेऊन तोमे गुडघाभर बर्फातून इथवर आली होती, तेव्हा तिला फाटकातूनच वाटेला लावलं होतं. आता जिनपाची जाऊन दोन वर्षं झाली होती, मानणारे थकले होते, आणि तिकीट काढलेल्या बाईने आंबवण नासत नाही असा शोध मालकांना लागला होता. तिकिटावर दोन प्याले साके आणि एक रुमाल फुकट होता.

बापाच्या जागी आता मुलगा होता. तात्सुओचा हा इथला पाचवा हिवाळा. आई आणि बायको सहलीच्या बसमधून येणार आहेत हे त्याला ठाऊक नव्हतं. तिकिटं किनुकोने काढली होती आणि ती का, हे तिने बसमध्येच सांगून टाकलं होतं, खिडकीबाहेर बघत, सासूच्या उजव्या बाजूला बसून. डाव्या कानाने तोमेला ऐकू येत नसे.

"आई, यंदाचा हिवाळा त्याला कसा गेलाय ते मला आधी बघायचंय. तो यायला अकराच दिवस राहिलेत."

तोमेने त्यावर काही विचारलं नव्हतं. विचारायला हवं होतं, हे तिलाही कळत होतं. गेल्या उन्हाळ्यात किनुकोची दोन बोटं फळीला बांधलेली होती, त्याच्या आदल्या उन्हाळ्यात ती महिनाभर कॉलर लावून हिंडत होती. बांधावरून पडले, म्हणाली. तोमेने मान डोलावली होती. तिची खोली त्यांच्या खोलीला लागूनच, मध्ये कागदी सरकतं दार. एप्रिलमधल्या त्या रात्री ती चांगला कान उशीवर दाबून झोपायची.

आत गेल्यावर पहिली आली ती वाफ. माणसाच्या दुप्पट उंचीच्या लाकडी पिंपातून वाफवलेला तांदूळ फावड्याने काढत होते आणि कापडात घेऊन दोघेदोघे पळत नेत होते. दहा-बारा माणसं, डोक्याला फडकी, अंगात पातळ सदरे, घामाने चिंब. पण एकाच्याही तोंडून चकार शब्द नव्हता. फावड्याचा आवाज, पावलांचा आवाज, बस्स. एवढी माणसं एवढ्या घाईत आणि एवढी गप्प असलेली तोमेने फक्त मयताच्या घरी पाहिली होती.

"ऐकताय ना?" हायासाका हळू आवाजात म्हणाले. "काही ऐकू येत नाहीये, तेच ऐका. ह्या घरात नव्वद वर्षांत कुणी आवाज चढवलेला नाही. आंबवणाला कान असतात असं आमचे वस्ताद मानतात. माणसं भांडली की साके आंबट होते. म्हणून शंभर दिवस राग बंद."

"माझ्या दुकानात शंभर मिनिटं बंद करून दाखवा," मिउरा म्हणाला.

तेवढ्यात तोमेला तात्सुओ दिसला. बापासारखाच रुंद पाठीचा, बापासारखाच किंचित डावीकडे झुकून चालणारा. कापडाचं एक टोक त्याच्या हातात होतं आणि दुसरं टोक धरलेल्या माणसाचा ओल्या फरशीवर पाय घसरला. कापड सुटलं. पांढराशुभ्र भात फरशीवर पसरला, थोडा तात्सुओच्या उघड्या पायांवर पडला, आणि भात चुलीवरून नुकता उतरलेला. कुणीही ओरडलं असतं. तात्सुओने पाय मागे घेतला, हसला, पडलेल्या माणसाला हात देऊन उठवलं.

"काही नाही, काही नाही," तो म्हणाला. "होतं असं. तुला लागलं नाही ना?"

त्याचा आवाज इतका मऊ होता की प्रवाशांपैकी एका बाईने "किती सालस!" म्हणून नवऱ्याला कोपराने ढोसलं. तात्सुओने भात गोळा केला, फडक्याने पाय पुसला, आणि मग पिंपांच्या दालनाकडे जाणाऱ्या वाटेवर एक जाड खांब उभा होता तिकडे तो गेला. खांबाला दोरीने पटाशी टांगलेली होती. ती घेऊन त्याने कंबरेच्या उंचीवर एक आडवी खाच मारली, बोटाने भुसा झटकला आणि पुन्हा कामाला लागला. वाफेमुळे आणि सगळ्यांच्या सारख्याच कागदी टोप्यांमुळे त्याने ह्या दोघींना ओळखलं नाही.

"अरे वा!" हायासाकांना आनंद मावेना. "नशीबवान आहात. हे बघायला लोक दोन दोन वर्षं येतात नि त्यांना दिसत नाही. या, या, जवळ या."

खांब छताला टेकलेला नव्हता. फरशीत रोवलेलं चेस्टनटचं खोड होतं ते, माणसाच्या खांद्याएवढं उंच. वर सभोवती लाकडी पाट्या ठोकलेल्या, प्रत्येकीवर शाईने एकेकाचं नाव, आणि प्रत्येक नावाखाली खाचांची उतरंड. कुणाच्या चार, कुणाच्या सहा. एकाच्या फक्त दोन.

"हा आमचा रागाचा खांब. राग आला की तोंड उघडायचं नाही, हात उचलायचा नाही. इथे यायचं, एक खाच मारायची आणि कामाला लागायचं. राग खांबात. आणि सगळ्यात छान पुढेच आहे. शेवटचा भात शिजला, पिंप पालथं घातलं, की मेजवानी असते. तेव्हा एकेक जण खांबापुढे उभा राहतो आणि आपल्या खाचा मोजतो. मोठ्याने. एकेका खाचेवर अशी थाप मारून. मग वस्ताद रंधा फिरवतात, खांब कोरा, मन कोरं, आणि माणसं हसतमुख आपापल्या घरी."

"घरी गेल्यावर काय करतात?" एका प्रवाशाने विचारलं.

"घरी काय, घरी आपलं घर असतं!" हायासाका हसले. "बघा, मोजून दाखवतो. कुणाच्या मोजू? हे घ्या, आत्ताच पाहिलात ना, हे तात्सुओ. आमचा गुणी माणूस. ह्याचे वडीलही इथेच होते, गाईसारखा गरीब माणूस. तर ऐका."

त्यांनी तळहात उघडा धरला आणि खांबावर थाप मारली.

"एक."

पुन्हा मारली.

"दोन."

चेस्टनटच्या लाकडावर उघडा तळवा आपटला की सपाट, ओला आवाज येतो. तिसऱ्या थापेला किनुकोचा उजवा खांदा वर उडाला. चौथ्या थापेला पुन्हा. पाचव्याला तिने खांदा उडू नये म्हणून दंड हाताने धरून ठेवला, तर मान आत गेली. तोमे हे बघत होती आणि बघता बघता तिच्या लक्षात आलं की आपणही दात आवळून, डोळे अर्धे मिटून उभ्या आहोत. दोन वर्षांपूर्वी ज्याची राख पुरली त्या माणसाचा हात पुढच्या क्षणाला पडणार आहे, असं तिच्या अंगाला वाटत होतं. अंगाला कोण समजावणार.

"सोळा. सतरा. अठरा!" हायासाकांनी तळवा चोळला. "इतरांपेक्षा जरा जास्तच आहेत बुवा. पण बघा, अठरा वेळा ह्या माणसाने राग गिळला. आहे का तुमच्यात कुणी?"

प्रवाशांनी टाळ्या वाजवल्या.

टाळ्या चालू असतानाच किनुकोने तोमेकडे पाहिलं. दोघींनी एकमेकींना काही सांगायची गरज उरली नव्हती. "अठरा," किनुको पुटपुटली, इतकंच.

जिनपाची परतला की पहिला दिवस न्हाण्यात आणि दुसरा झोपेत घालवायचा. तिसऱ्या दिवशी तो जेवण झाल्यावर ताट बाजूला सारायचा, दार लावायचा आणि तिला समोर बसवायचा. तो पिऊन मारत नसे. शिव्याही देत नसे. उघड्या तळहाताने मारायचा आणि मोजायचा. तोंडावर, कानशिलात, मानेवर, पाठीवर, जिथे पडेल तिथे. ती आडवी झाली तर उठून बसेपर्यंत थांबायचा आणि आकडा पुढे चालू ठेवायचा. एका वर्षी नऊ. एका वर्षी सव्वीस. ज्या हिवाळ्यात साकेघराला भिजका तांदूळ आला, त्यानंतरच्या एप्रिलात एक्केचाळीस. त्या एक्केचाळिसांतल्या तिसाव्याला की एकतिसाव्याला तिच्या डाव्या कानात काहीतरी फुटलं, गरम पाणी गळ्यावर आलं, आणि उरलेले आकडे तिने एकाच कानाने ऐकले. मोजणं संपलं की तो शांत व्हायचा. हात धुऊन यायचा. पुढच्या नोव्हेंबरापर्यंत त्याच्या तोंडावरची माशी उडत नसे, आणि गावातल्या बायका म्हणायच्या, तोमे, नशीब काढलंस.

सगळ्यात वाईट तो मार नव्हे. सगळ्यात वाईट हे की हे आकडे आपल्या चुकांचे आहेत असं ती चौतीस वर्षं धरून चालली. कुणीतरी, थोरली जाऊ असेल, त्याला पत्राने कळवत असणार. म्हणून ती हिवाळाभर चुका टाळायची आणि टाळूनही झालेल्या लक्षात ठेवायची: करपलेली पेज, ओलं राहिलेलं सरपण, पोराच्या पायाला झालेली बर्फाची जखम. एका वर्षी तिला स्वतःच्या सतरा चुका आठवत होत्या आणि तो सोळावरच थांबला. एक माफ केली म्हणून तिने जमिनीला कपाळ टेकून त्याचे आभार मानले होते.

आणि ते सगळं हे होतं. कुणाचातरी पाय घसरला, कुणी पाणी जास्त ओतलं, कुणी त्याच्या जागेवर झोपलं. त्यातलं एकही तिचं नव्हतं. तिला राग आला. इतका की तिला आधी तो ओळखताच आला नाही. दारापलीकडे झोपलेल्या पोराने, सहाव्या-सातव्या वर्षापासून, हे आकडे ऐकले होते. मोजायला तो तिथेच शिकला. आणि पुढे दाराच्या त्याच बाजूला झोपून तिने स्वतः उशी कानाला लावली होती.

"आई, चला बाहेर," किनुको म्हणाली. "बघायचं ते बघून झालं."

"थांब जरा. दोन प्याले मिळायचेत ना," तोमे म्हणाली.

पिंपांच्या दालनात थंडी होती. एका लांब फळीवर पांढरे प्याले मांडलेले, प्रत्येकाच्या तळाशी दोन निळी वर्तुळं. खांब इथूनही दिसत होता, दाराला लागूनच. तोजी, म्हणजे साके बनवणाऱ्यांचे मुख्य, ज्यांना सगळे वस्ताद म्हणत ते ओइकावा, स्वतः प्याले भरत होते. सत्तरीचे, बारीक, पांढऱ्या भुवयांचे. त्यांनी जिनपाचीच्या मयताला एक पिंपभर साके पाठवली होती. तोमेला त्यांनी टोपीखाली ओळखलं नाही. बाईचा चेहरा बघायची त्यांच्या कामाला कधी गरज पडली नव्हती.

मागच्या दारातून दोन माणसं बादल्या घेऊन आली. त्यातला एक तात्सुओ होता. ह्या वेळी मध्ये वाफ नव्हती.

"आई?" बादली त्याच्या हातातच राहिली. मग त्याला बायको दिसली. "तुम्ही दोघी इथे कशा?"

"तिकीट काढून," तोमे म्हणाली.

तो हसला. प्रवाशांकडे बघून वाकला, वस्तादांकडे बघून वाकला. "माझी आई," त्याने सांगितलं. "जिनपाचींची बायको." वस्तादांनी प्याला खाली ठेवला आणि त्यांचाही चेहरा उजळला. आसपासचे कामगार माना वर करून बघू लागले. जिनपाचींची बायको! केवढ्या आदराने.

तोमे ह्या माणसांच्या कौतुकाकडे बघत होती आणि तिच्या डोक्यात एकच हिशोब पक्का होत होता. अकरा दिवसांनी हा पोरगा घरी येईल, दोन दिवस झोपेल, आणि तिसऱ्या दिवशी अठरा. किंवा तोवर वीस. दार बंद करून. उद्या बाजारात कुणाला सांगितलं तर लोक म्हणतील, तात्सुओ? त्याच्या हातून मुंगी मरायची नाही. खुद्द हीच माणसं म्हणतील. आणि कोणत्या बोलण्यावर ह्या घरातल्या पुरुषांचा हात उठतो हे चौतीस वर्षं टाळत आलेल्या बाईला ते बोलणं तोंडपाठ असतं. टाळायलाही ते आधी ठाऊक असावं लागतं.

"काय रे, सांडलास ना भात?" ती म्हणाली. मोठ्याने. पिंपांवरून तिचा आवाज परत आला.

सगळं दालन दचकलं. हायासाकांनी ओठांवर बोट ठेवलं.

"हळू, आई," तात्सुओ म्हणाला.

"हळू काय? अरे, तीस वर्षांचा घोडा झालास, साधं फडकं धरता येत नाही? लहानपणी पेज सांडायचास तसाच अजून. ऐका हो मिउराशेठ, हा आठ वर्षांचा होईपर्यंत पेज सांडायचा आणि वर रडायचा. आणि अंथरूणही..."

मिउराला ह्या सगळ्यात फक्त गंमत दिसत होती. तो खदखदून हसला, आणि त्याच्यामागे आणखी चौघेपाचजण हसले.

तात्सुओही हसत होता. पण त्याच्या ओठांभोवतीची कातडी पांढरी पडली होती, आणि ती पांढरी कड तोमेच्या चांगली ओळखीची होती. किनुकोने सासूची बाही पकडली.

"आई, नका," ती अगदी हळू म्हणाली. "आई, नका ना."

"बापाचा तरी थोडा धाक होता. तू म्हणजे नुसताच फुगलेला भात. वस्ताद, ह्याला बादल्याच द्या उचलायला, भात नका देऊ. बादली तरी नीट धर रे, का तीही सांडतोस?"

तात्सुओने बादली खाली ठेवली, अजिबात आवाज न करता. सगळ्यांना वाकून नमस्कार केला. "माफ करा, म्हातारी आहे," असं म्हणाला आणि दाराकडे, खांबाकडे चालू लागला. एकदोघा कामगारांनी सुटकेचा श्वास सोडला. हायासाका प्रवाशांना खूण करू लागले: बघा, आता बघा.

पण तोमे आधी पोचली. तिने खांबाला पाठ लावली. पटाशी तिच्या कमरेमागे आली.

"सरक, आई."

"नाही सरकत."

"सरक म्हणतो ना."

"इथे नाही मारायची खाच. तुझा राग आहे ना? मग तो माझ्यासमोर काढ. इथे, ह्या सगळ्यांच्या देखत. अकरा दिवस कशाला वाट बघतोस?"

तो तिच्या बाजूने हात घालून पटाशी ओढू लागला. तिने ती मागच्या मागे मुठीत धरली, पातं तळहातात रुतलं तरी सोडली नाही. एक क्षण दोघांची तोंडं अगदी समोरासमोर आली. तिला त्याच्या तोंडाला भाताच्या वाफेचा वास आला, आणि त्याचे डोळे भरून आलेले दिसले. हे आपलं पोर आहे हे तिला त्या वेळीही कळत होतं.

"बापासारखाच आहेस," ती म्हणाली. "दाराआडचा मर्द."

त्याचा तळवा तिच्या गालावर बसला.

"एक," तो म्हणाला.

त्याला बोलायचं नसावं. ते आपोआप आलं. दुसरी थप्पड कानशिलात बसली, तिचं डोकं मागे खांबावर आदळलं आणि टोपी उडाली.

"दोन."

तिसरी तोंडावर. खालचा ओठ दातांवर फाटला. चौथ्याला ती खाचांवर पाठ घासत खाली आली, आणि तो वाकून, ती उठून बसायची वाट बघत थांबला. बापाने शिकवलेलं असावं तसा, हात वर धरून. ती उठून बसली. पाचवा आकडा त्याच्या तोंडून पुरा व्हायच्या आत किनुको त्याच्या दंडाला लटकली, त्याने तिला झटकून फळीवर फेकलं, प्याले खळाखळा फुटले, आणि तेव्हा कुठे दोन कामगारांनी त्याला मागून मिठी घातली.

मिउराच्या तोंडावर हसू तसंच राहून गेलं होतं, ते कसं काढायचं हे त्याला कळत नव्हतं. प्रवाशांना वाटलं, माणसाचं डोकं फिरलं. पण ते आकडे कसले होते हे कामगारांना कुणी समजावून सांगायची गरज नव्हती. बारा माणसं होती आणि एकही दुसऱ्याकडे बघत नव्हता. सहा खाचांवाला, चार खाचांवाला, सगळे फरशीकडे. दोन खाचांवाल्याने डोक्याचं फडकं सोडलं आणि तोंड पुसायला घेतलं ते पुसतच राहिला.

वस्ताद ओइकावा आधी पिंपांकडे गेले. झाकण सरकवून त्यांनी आतल्या फेसाकडे पाहिलं, कान लावून ऐकलं. मग ते तात्सुओसमोर येऊन उभे राहिले. त्यांचा आवाज अजूनही चढलेला नव्हता.

"बोचकं बांध," ते म्हणाले. "इथे हात उचलणारा माणूस संध्याकाळचं जेवत नाही. आजच्या आज घरी जा."

"कुणाच्या घरी?"

हे किनुकोने विचारलं होतं. ती फुटक्या प्याल्यांतून उठली होती, कोपरातून रक्त येत होतं.

"तू कोण?"

"ह्याची बायको."

"मग तुझ्याच घरी, पोरी. ने ह्याला. बायकोपोरांत गेला की निवतो माणूस."

"गेल्या वर्षी बावीस होत्या ना?" किनुको म्हणाली. "त्याच्या आदल्या वर्षी चौदा."

दर मार्चला रंधा वस्तादांच्याच हातात असायचा आणि मोजणी त्यांच्यासमोर व्हायची. त्यांनी खांबाकडे पाहिलं, मग तिच्या हाताकडे. डाव्या हाताची शेवटची दोन बोटं वाकडी जुळली होती.

"मी सांगितलं होतं, राग इथे ठेवून जा," ते शेवटी म्हणाले. "मी कधी घरी न्या म्हटलं नाही."

"नाही म्हटलंत. कुठे ठेवतात ते बघायलाही कधी आला नाहीत."

तिचा आवाज फाटला. पहिल्यांदाच इतकं बोलत होती ती, आणि बोलून झाल्यावर खांबाला धरून सासूशेजारी खाली बसली. वस्तादांना आता तिच्याकडे बघणं जमेना. ते तोमेपुढे गुडघ्यांवर बसले.

"जिनपाचींच्या... तोमेबाई. पोर तुमचं, घर तुमच्या नावावर. तुम्ही म्हणाल तसं."

तोमेने लेकाकडे पाहिलं. दोघांच्या मिठीत तो उभा होता, मान खाली, उजवा तळवा लालभडक, आणि नाक वाहत होतं. ते पुसायला हात मोकळा नव्हता. ह्याच नाकाला तिने कितीदा किमोनोची बाही लावली होती. त्याला आता थंडी वाजत असेल, सदरा ओला आहे, हे तिच्या मनात आलंच. ते येऊ नये असं तिला वाटलं नाही.

तिने तोंडातलं रक्त ओंजळीत थुंकलं.

"सकाळपासून उपाशी असेल तो," ती म्हणाली. "त्याला जेवायला घाला. कोरडा सदरा द्या. पण घरी पाठवू नका. आज नाही, आणि अकरा दिवसांनीही नाही."

तात्सुओने मान वर केली. "आई," तो म्हणाला.

तोमेने किनुकोच्या खांद्याला धरून उठायचा प्रयत्न केला, दुसऱ्यांदा ते जमलं, आणि दोघी बसकडे निघाल्या.